ड्यूक ऑफ वेलिंग्टन : किताब, वारसा आणि असई – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

असईच्या लढाईचा (१८०३, आर्थर वेलस्लीच्या इंग्रज फौजेने शिंदे-भोसल्यांना हरवलं ती) विषय निघाला की बोलणं हमखास पुढे सरकतं. तो वेलस्ली पुढे ड्यूक कसा झाला, त्याचा वंश अजून आहे का, मुलगा नसेल तर किताब कुणाकडे जातो, आणि एवढं सगळं आजच्या इंग्लंडमध्ये कसं चालतं? आपल्याकडे वतन, इनाम, सरदारकी हे शब्द अजून विस्मरणात गेलेले नाहीत, त्यामुळे प्रश्न नेमके येतात. गैरसमजही त्याच शब्दांमुळे होतात. ब्रिटिश किताब म्हणजे जहागीर, हा त्यातला सगळ्यात मोठा.

ड्यूक ऑफ वेलिंग्टन हे माणसाचं नाव आहे की पदवीचं?

पदवीचं. ती १८१४मध्ये निर्माण झाली आणि आजवर नऊ जणांनी धारण केली. पुस्तकात नुसतं ‘वेलिंग्टन’ लिहिलेलं असेल तर पहिला ड्यूक समजायचा: आर्थर वेलस्ली (१७६९–१८५२), असई जिंकणारा, वॉटर्लूला नेपोलियनला हरवणारा, आणि नंतर ब्रिटनचा पंतप्रधान झालेला. सध्याचे नववे ड्यूक चार्ल्स वेलस्ली १९४५मध्ये जन्मले. वडील वारल्यावर २०१४च्या अखेरच्या दिवशी किताब त्यांच्याकडे आला.

वेलस्ली, वेलिंग्टन, विलिंग्डन हे सगळे एकच का?

नाही, आणि हा घोळ आपल्याकडेच जास्त होतो, कारण तिन्ही नावं इथल्या इतिहासात येतात.

शाळेत तैनाती फौजेच्या धड्यात भेटतो तो लॉर्ड वेलस्ली म्हणजे थोरला भाऊ रिचर्ड, १७९८ ते १८०५ या काळातला गव्हर्नर जनरल. आर्थर त्याचा धाकटा भाऊ, लष्करी अधिकारी, पुढचा वेलिंग्टन. लॉर्ड विलिंग्डनचा या घराण्याशी काही संबंध नाही. तो शंभर वर्षांनंतरचा, १९१३ ते १९१८ मुंबईचा गव्हर्नर आणि पुढे व्हाइसरॉय. सांगलीचं विलिंग्डन कॉलेज त्याच्या नावाचं. बॅरनपासून मार्क्वेसपर्यंत चढत गेलेला त्याचा किताब मुलाच्या मृत्यूबरोबर १९७९मध्ये संपलासुद्धा.

भरीस भर, ‘वेलस्ली’ हे आडनावही मूळचं नाही. आयर्लंडमधलं हे घराणं आधी कॉली. १७२८मध्ये रिचर्ड कॉली नावाच्या पूर्वजाला वेस्ली आडनावाच्या नातेवाइकाची इस्टेट मिळाली आणि इस्टेटीबरोबर त्याने आडनावही घेतलं. ‘वेस्ली’चं ‘वेलस्ली’ झालं १७९८मध्ये. म्हणजे आर्थर हिंदुस्थानात उतरला तेव्हा वेस्ली होता आणि परत गेला तेव्हा वेलस्ली.

ड्यूक हा किताब वॉटर्लूसाठी मिळाला ना?

नाही. वॉटर्लूची लढाई १८ जून १८१५ची, ड्यूकपद मे १८१४चं. नेपोलियनने पहिल्यांदा राजत्याग केला, स्पेन-पोर्तुगालमधलं सहा वर्षांचं युद्ध संपलं, त्याचं ते बक्षीस. वॉटर्लूनंतर ब्रिटनपाशी त्याला वर चढवायला पायरीच उरली नव्हती. ‘प्रिन्स ऑफ वॉटर्लू’ हा किताब त्याला नेदरलँड्सच्या राजाने दिला.

मग तो पायरी-पायरीने चढला का?

हो, पण एकदाही त्या पायरीवर उभा न राहता. ब्रिटिश उमरावांच्या पाच पायऱ्या खालून वर अशा: बॅरन, व्हायकाउंट, अर्ल, मार्क्वेस, ड्यूक. १८०९मध्ये तालावेराच्या लढाईनंतर तो एकदम बॅरन आणि व्हायकाउंट झाला. फेब्रुवारी १८१२मध्ये सिउदाद रोद्रिगो किल्ला घेतल्यावर अर्ल, त्याच वर्षी सालामांकाच्या विजयानंतर मार्क्वेस, १८१४मध्ये ड्यूक. या सगळ्या काळात स्वारी युरोपात मोहिमेवर. त्यामुळे लॉर्ड्सच्या सभागृहात, म्हणजे संसदेच्या वरच्या सभागृहात, तो पहिल्यांदा बसायला गेला २८ जून १८१४ रोजी, आणि त्या एकाच दिवशी त्याच्या सगळ्या सनदा एकामागून एक वाचल्या गेल्या. पाच वर्षांची बढती एका बैठकीत.

‘वेलिंग्टन’ हे नाव कुठून आलं?

इंग्लंडच्या सॉमरसेट परगण्यात वेलिंग्टन नावाचं छोटं गाव आहे, आणि जवळच वेल्स्ली नावाची वस्ती, जिथून घराणं मुळात आलं असं मानलं जाई. १८०९मध्ये किताब मंजूर झाला तेव्हा नाव काय घ्यायचं हे ताबडतोब कळवायचं होतं आणि स्वारी स्पेनमध्ये. तेव्हा त्याचा भाऊ विल्यम याने नकाशा बघून, आडनावाच्या जवळ जाणारं, हे नाव ठरवून टाकलं. न्यूझीलंडची राजधानी, निलगिरीतली छावणी आणि गुडघ्यापर्यंतचे रबरी बूट, ही सगळी नावं भावाच्या त्या घाईगडबडीतून आलेली आहेत. बायकोला ते नाव आवडलं नव्हतं म्हणतात.

असईसाठी त्याला काय मिळालं?

या प्रश्नासाठी तर हा सगळा खटाटोप, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

३१ डिसेंबर १८०२ला दुसऱ्या बाजीरावाने वसईचा तह केला. एप्रिल १८०३मध्ये आर्थर वेलस्ली फौज घेऊन पुण्यात शिरला आणि मे महिन्यात बाजीराव पुन्हा गादीवर बसला. शिंदे आणि नागपूरकर भोसले यांना हे मान्य होणं शक्यच नव्हतं. ऑगस्टमध्ये वेलस्लीने अहमदनगरची पेठ शिड्या लावून घेतली आणि चार दिवसांत किल्ला. पेशव्यांकडून त्याच्यासोबत असलेल्या गोखल्यांच्या तोंडी एक वाक्य इंग्रज लेखकांनी घातलंय: हे लोक सकाळी आले, भिंत पाहिली, चढून गेले, आतल्यांना मारलं आणि न्याहारीला परत आले. गोखले खरंच असं म्हणाले की नाही देव जाणे, पण बोलण्याचा तो वऱ्हाड-पुण्याकडचा खवचटपणा इंग्रजाला सुचेल असं मला वाटत नाही.

२३ सप्टेंबर १८०३, जालना जिल्ह्यातलं असई. केळणा आणि जुई या दोन नद्यांच्या बेचक्यात दौलतराव शिंदे आणि रघूजी भोसले यांची फौज, शिंद्यांची कवायती पलटणं पोलमन नावाच्या जर्मन अधिकाऱ्याच्या हाताखाली. वाटाड्यांनी सांगितलं की पुढे नदीला उतार, म्हणजे पायी ओलांडता येईल अशी जागा, नाही. नदीच्या दोन्ही काठांवर समोरासमोर दोन गावं वेलस्लीला दिसली आणि त्याने ताडलं की गावं अशी वसलीत म्हणजे मधून उतार असणारच. तो बरोबर निघाला. पण पलीकडे गेल्यावर शिंद्यांच्या तोफखान्याने त्याच्या फौजेची जी दैना केली ती त्याने जन्मभर लक्षात ठेवली: सुमारे १,६०० ठार आणि जखमी, म्हणजे प्रत्यक्ष लढलेल्यांपैकी जवळजवळ तिसरा हिस्सा. म्हातारपणी, आयुष्यात सर्वात चांगली लढाई कोणती लढलात असं विचारल्यावर त्याने वॉटर्लू नव्हे, असई सांगितली. नोव्हेंबरात अडगाव, डिसेंबरात गाविलगड, आणि वर्ष संपायच्या आत देवगाव आणि सुर्जी-अंजनगाव इथले तह.

या सगळ्याबद्दल मिळालं काय? १८०४मध्ये ‘नाइट ऑफ द बाथ’, म्हणजे नावामागे ‘सर’. तो सन्मान त्याच्यापुरता. मुलाला जात नाही. त्याच युद्धात उत्तरेकडे दिल्ली आणि लासवाडी जिंकणारा जनरल लेक मात्र १८०४मध्ये वंशपरंपरागत बॅरन झाला, आणि किताबाच्या नावातच ‘दिल्ली आणि लासवाडी’ आलं. लेकचा किताब १८४८मध्ये वारसाअभावी संपला आणि आज कुणाला आठवत नाही. वेलस्लीच्या एकाही ब्रिटिश किताबात असई नाही; तालावेरा आहे, डुअरो नदी आहे, सॉमरसेटमधलं ते गाव आहे. मला विचाराल तर हे बरंच झालं. नाहीतर ‘ड्यूक ऑफ असई’ हे नाव दोनशे वर्षं लंडनमध्ये मिरवताना आपल्याला बघावं लागलं असतं.

इथल्या गावांची नावं असलेले किताब अजून चालू आहेत का?

आहेत. सगळ्यांच्या ओळखीचं म्हणाल तर बॅरन हॅरिस. १७९९मध्ये श्रीरंगपट्टण घेणाऱ्या जनरल हॅरिसला १८१५मध्ये हा किताब मिळाला आणि त्यात ‘सेरिंगपटम आणि म्हैसूर’ अशी नावं आहेत. त्याचा पणतू, चौथा बॅरन, इंग्लंडचा क्रिकेट कप्तान आणि १८९० ते १८९५ मुंबईचा गव्हर्नर. मुंबईच्या शाळांची हॅरिस शील्ड त्याच्याच नावाची. शारदाश्रमच्या तेंडुलकर-कांबळींनी १९८८मध्ये ६६४ धावांची भागीदारी केली ती याच स्पर्धेत. टिपूच्या पराभवाची सनद आणि आझाद मैदानावरची ती धावसंख्या यांच्यामध्ये फक्त चार पिढ्या आहेत.

किताब कुणाला जाणार हे कोण ठरवतं?

सनद. किताब देताना राजा जी सनद काढतो तिच्यातच वारसाची वाट लिहिलेली असते, आणि पुढे कुणालाच, अगदी किताब धारण करणाऱ्यालाही, ती वाट बदलता येत नाही. वेलिंग्टनच्या सनदेतली वाट नेहमीची आहे: पहिल्या ड्यूकच्या पोटचे औरस पुरुष वंशज. थोरला मुलगा, त्याचा थोरला मुलगा, ती शाखा संपली की त्या पाठचा भाऊ आणि त्याची शाखा. ‘पहिल्या ड्यूकचे’ हे शब्द नीट लक्षात ठेवा, शेवटी लागतील.

आपल्याकडे वतनाची वाटणी व्हायची, भाऊबंद तंटे करायचे, निम्मी पाटीलकी एकाची तर निम्मी दुसऱ्याची. तिकडे तसं नाही. किताब अखंड एकाकडे.

आजवरचे नऊ ड्यूक कोण आणि ते सगळे बाप-लेक होते का?

नव्हते, म्हणून तर मजा आहे.

पहिल्या ड्यूकला दोन मुलगे. थोरला आर्थर १८५२मध्ये दुसरा ड्यूक झाला. वडिलांच्या सावलीतून हा बिचारा कधी बाहेर आलाच नाही. ‘ड्यूक ऑफ वेलिंग्टन’ अशी ललकारी होईल आणि दारातून फक्त मी आत येईन, तेव्हा काय वाटेल, असं तो म्हणाल्याचं सांगतात. १८८४मध्ये ब्रायटनच्या रेल्वे स्टेशनवर त्याचा मृत्यू झाला. मूलबाळ नव्हतं. किताब गेला धाकट्या भावाच्या मुलाकडे, हेन्रीकडे, तो तिसरा. तोही १९००मध्ये निपुत्रिक वारला, मग त्याचा भाऊ आर्थर चौथा. चौथ्यानंतर १९३४मध्ये मुलगा, पाचवा. पाचव्यानंतर १९४१मध्ये मुलगा, सहावा.

सहावा हेन्री. दुसऱ्या महायुद्धात कमांडो दलात होता. १६ सप्टेंबर १९४३ला इटलीत सालेर्नोच्या लढाईत तुकडीच्या पुढे असताना मारला गेला, वय ३१, लग्न झालेलं नाही. लढाईत पडलेला हा एकच ड्यूक ऑफ वेलिंग्टन.

मग किताब मागे फिरला आणि काकाकडे गेला. सातवे जेराल्ड वेलस्ली आधी राजनैतिक अधिकारी, मग वास्तुरचनाकार. ते थोरले नव्हते, ड्यूक होण्याची त्यांनी अपेक्षाही केली नसेल. त्यांचे पुत्र आठवे, १९७२पासून २०१४पर्यंत, नव्याण्णवाव्या वर्षी वारले. आणि त्यांचे पुत्र नववे.

स्पेनचा किताब एका बाईकडे गेला होता असं वाचलं. खरं का?

खरं. १८१२मध्ये स्पेनने पहिल्या वेलिंग्टनला ‘ड्यूक ऑफ सिउदाद रोद्रिगो’ केलं होतं, आणि तो किताब स्पेनच्या कायद्याने चालतो. तिथे मुलगा नसेल तर मुलगी किंवा बहीण चालते. त्यामुळे १९४३मध्ये सहावा ड्यूक पडला तेव्हा एका माणसाचे किताब दोन घरांत गेले: ब्रिटिश ड्यूकपद काकाकडे, स्पॅनिश ड्यूकपद बहिणीकडे, लेडी अ‍ॅन हिच्याकडे. १९४९मध्ये तिने ते काकांच्या नावे सोडून दिलं, म्हणून दोन्ही पुन्हा एकत्र आले. स्पेनने २००६मध्ये तर कायदाच बदलला. आता तिकडे पहिलं अपत्य वारस, मग ते मुलगा असो की मुलगी.

पोर्तुगालचेही किताब आहेत, तीन. त्यांची कथा एवढी रंगत नाही.

‘अर्ल ऑफ मॉर्निंग्टन’ हा किताब या घरात कसा आला?

हा खरं तर घराण्याचा जुना, मूळचा किताब, आणि वेलिंग्टनच्या घरी तो सर्वात उशिरा आला.

पहिल्या ड्यूकचे वडील गॅरेट वेस्ली, डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजात संगीताचे प्राध्यापक. त्यांना १७६०मध्ये आयर्लंडचे अर्ल ऑफ मॉर्निंग्टन केलं गेलं. ते वारल्यावर किताब साहजिकच थोरल्या रिचर्डकडे, आपल्या गव्हर्नर जनरलकडे. श्रीरंगपट्टण पडल्यावर रिचर्डला मोठ्या बक्षिसाची आशा होती. मिळालं आयरिश मार्क्वेसपद. ब्रिटिश किताबाच्या मानाने आयरिश किताब हलका समजला जाई, म्हणून हा गृहस्थ इतका चिडला की सोन्याचा दुहेरी मुलामा दिलेला बटाटा हाती दिला असं पत्रातून लिहू लागला. १८४२मध्ये तो वारला आणि औरस वारस नसल्याने बटाटाही संपला.

मॉर्निंग्टनचा किताब मात्र वडिलांच्या सनदेवरचा, त्यामुळे तो पुढच्या भावाकडे, विल्यमकडे गेला. तोच तो, ‘वेलिंग्टन’ नाव शोधणारा. त्याच्यानंतर त्याचा मुलगा, चौथा अर्ल, आणि हा माणूस म्हणजे घराण्याला लागलेली कीड. १८१२मध्ये याने इंग्लंडमधल्या सर्वात श्रीमंत समजल्या जाणाऱ्या वारसदार मुलीशी, कॅथरिन टायल्नी-लाँगशी, लग्न केलं आणि दोघांची नावं जोडून भलंमोठं आडनाव घेतलं. दहा वर्षांत कर्जापायी वॉनस्टेडचा तिचा राजवाडा सामानासकट लिलावात निघाला. वाडा विकत घ्यायला कुणी मिळेना तेव्हा पाडून दगड-विटा विकल्या. बायको खचून वारली. त्यानंतर न्यायालयाने मुलांचा ताबाही बापाकडे ठेवला नाही, आणि मुलांचं हित बघायला कोण पुढे आलं तर बापाचाच काका, ड्यूक ऑफ वेलिंग्टन. हा अर्ल १८५७मध्ये लंडनच्या भाड्याच्या खोलीत गेला.

त्याचा मुलगा पाचवा अर्ल १८६३मध्ये अविवाहित वारला, शाखा संपली, आणि मॉर्निंग्टन हा किताब दुसऱ्या ड्यूक ऑफ वेलिंग्टनकडे आला. पण इस्टेट? ती पाचव्या अर्लने मृत्युपत्राने अर्ल काउली या दुसऱ्याच चुलत्याला देऊन टाकली होती. किताब सनदेने गेला, जमीन मृत्युपत्राने. ब्रिटिश किताब म्हणजे जहागीर नव्हे, याचं यापेक्षा उघड उदाहरण मला माहीत नाही.

रिचर्डला मुलं नव्हती का?

पाच होती. पण ती फ्रेंच अभिनेत्री हायसिंथ रोलाँबरोबरच्या सहवासातून, लग्नाआधी झालेली. १७९४मध्ये त्याने तिच्याशी लग्न केलं तरी मुलं किताबाच्या दृष्टीने अनौरसच राहिली. लग्नाआधी जन्मलेल्याला किताब नाही, आईबापांनी नंतर लग्न केलं तरी नाही.

यातली गंमत अशी की त्यातली एक मुलगी अ‍ॅन, तिचा नातवंडांचा वेल पुढे गेला आणि त्यात एलिझाबेथ राणीच्या आईचा जन्म झाला. अनौरस म्हणून अर्लपदाच्या रांगेत जी शाखा उभीही राहू शकली नाही, तिचं रक्त थेट सिंहासनावर जाऊन बसलं.

मुलीला ड्यूकपद मिळू शकतं का?

या सनदेने नाही. पण सनदच वेगळी लिहिली तर मिळतं. शेवटचा व्हाइसरॉय माउंटबॅटन याला दोन मुली, मुलगा नाही. त्यामुळे त्याच्या किताबाच्या सनदेत मुलींची सोय केलेली होती आणि १९७९मध्ये थोरली पॅट्रिशिया काउंटेस माउंटबॅटन ऑफ बर्मा झाली. वेलिंग्टनच्या बाबतीत मुलगे होते, म्हणून १८१४मध्ये कुणाला असं काही सुचलं नाही.

दत्तक घेता येतो का?

मूल दत्तक घेता येतं, किताब त्याला जात नाही. २००४पासून दत्तक मुलांना ‘लॉर्ड’, ‘लेडी’ ही सौजन्याची बिरुदं लावायची मुभा आहे, वारसा नाही.

आपल्या लोकांना हे ऐकून धक्का बसतो, आणि तो समजण्यासारखा आहे. औरस नसेल तर दत्तक, आणि दत्तक हा औरसासारखाच, हे आपल्या हाडीमाशी खिळलेलं. डलहौसीने १८४८मध्ये सातारा खालसा केलं, पुढे नागपूर, झाशी. ज्या बाजीरावाला आर्थर वेलस्लीने १८०३मध्ये पुन्हा गादीवर बसवलं तो १८५१मध्ये बिठूरला वारला तेव्हा त्याच्या दत्तक मुलाचा, नानासाहेबांचा, तनखा कंपनीने नाकारला. डलहौसीच्या घरच्या कायद्यात दत्तकाला किताबाचा हक्क नव्हता, हे त्याच्या धोरणाचं कारण नव्हे. कारण मुलूख हवा होता हेच. पण ज्या समाजात तो वाढला तिथे दत्तकाला वारस न मानणं त्याला अंगवळणी पडलेलं होतं, एवढं खरं.

आणि आता डलहौसीचं स्वतःचं. १८४९मध्ये त्याला मार्क्वेस केलं. त्याला दोन मुली, मुलगा नाही. १८६०मध्ये तो वारला आणि मार्क्वेस ऑफ डलहौसी हा किताब वारसाअभावी खालसा झाला. जुनं अर्लपद तेवढं चुलतभावाकडे गेलं. साताऱ्याला ही गोष्ट सांगून बघा, टाळ्या पडतात.

किताब विकता येतो का? मृत्युपत्रात लिहून ठेवता येतो का?

नाही आणि नाही. इंटरनेटवर ‘लॉर्ड व्हा’ म्हणून जे विकतात त्याचा याच्याशी संबंध नाही.

नको असेल तर सोडता येतो का?

१९६३पासून येतो. तोवर येत नव्हता, आणि टोनी बेन या मजूर पक्षाच्या नेत्याची त्यापायी फरफट झाली. १९६०मध्ये वडील वारले, हा आपोआप व्हायकाउंट स्टॅन्सगेट झाला आणि खासदारकी गेली, कारण लॉर्डला खालच्या सभागृहात बसता येत नसे. पोटनिवडणूक जिंकला तरी बसू दिलं नाही. अखेर कायदा झाला: वारसा आल्यापासून वर्षाच्या आत किताब तहहयात सोडता येतो. फक्त तहहयात बरं का. मेल्यावर तो पुढच्या वारसाकडे जातोच. बेन २०१४मध्ये वारले आणि त्यांचा मुलगा व्हायकाउंट झाला. वेलिंग्टन घराण्यात कुणी सोडलेला नाही.

ड्यूकच्या मुलाला मार्क्वेस का म्हणतात? तो काय वेगळा किताब असतो?

किताब बापाचाच असतो, मुलगा तो सौजन्याने वापरतो. ड्यूकजवळ खालच्या पायऱ्यांचे किताब साठलेले असतात, त्यातला एक थोरल्या मुलाला वापरायला मिळतो. म्हणून वेलिंग्टनचा थोरला मुलगा ‘मार्क्वेस ऑफ डुअरो’, त्याचा थोरला मुलगा ‘अर्ल ऑफ मॉर्निंग्टन’. कायद्याने दोघेही तोवर सामान्य नागरिक. धाकटे मुलगे ‘लॉर्ड’ आणि पुढे स्वतःचं नाव, मुली ‘लेडी’.

जाता जाता: ड्यूकला ‘लॉर्ड वेलिंग्टन’ म्हणत नाहीत. ‘लॉर्ड’ हे खालच्या चार पायऱ्यांसाठी. १८०९ ते १८१४ या काळाबद्दल लिहिताना ‘लॉर्ड वेलिंग्टन’ बरोबर, नंतर ‘ड्यूक’.

किताबाबरोबर घरदार, जमीन काही मिळतं?

किताबाबरोबर आपोआप नाही. पण संसदेने दिलेल्या पैशातून पहिल्या ड्यूकने १८१७मध्ये हॅम्पशायरमधली स्ट्रॅटफील्ड सेची इस्टेट घेतली, आणि ती घराण्याकडे आहे. वॉटर्लूला त्याने वापरलेला घोडा कोपनहेगन तिथेच पुरलेला आहे. या इस्टेटीचा खंड मात्र ऐकण्यासारखा: दरवर्षी १८ जूनला दुपारच्या आत एक फ्रेंच तिरंगी निशाण विंडसरला राजाकडे पोचवायचं.

लंडनमधलं अ‍ॅप्सली हाउस आधी थोरल्या रिचर्डचं. १८१७मध्येच आर्थरने ते भावाकडून विकत घेतलं. सातव्या ड्यूकने १९४७मध्ये ते देशाला दिलं, आता तिथे संग्रहालय आहे, आणि घराण्याने राहायला काही खोल्या ठेवल्या आहेत. स्पेनमध्ये ग्रॅनडाजवळ जमीन मिळाली होती, बेल्जियममध्येही. बेल्जियममधल्या जमिनीवरून तिथले लोक अधूनमधून कुरकुरतात, आणि मला त्यांची कुरकुर रास्त वाटते.

ड्यूकला अजून संसदेत जागा आहे का?

किताबामुळे आपोआप, नाही. १९९९च्या कायद्याने वंशपरंपरेच्या बहुतेक सगळ्या उमरावांना लॉर्ड्समधून बाहेर काढलं आणि ९२ जागा तेवढ्या राखल्या. आठव्या ड्यूकची जागा तेव्हा गेली. नववे ड्यूक २०१५मध्ये त्या ९२पैकी एका रिकाम्या जागेवर पोटनिवडणुकीने गेले. मतदार कोण, तर सभागृहातलेच सदस्य. २०२१मध्ये नद्यांत सोडल्या जाणाऱ्या सांडपाण्याविरुद्ध पर्यावरण विधेयकात दुरुस्ती आणून त्यांनी सरकारला घाम फोडला होता. याही उरलेल्या जागा बंद करण्याचं विधेयक मजूर सरकारने सप्टेंबर २०२४मध्ये मांडलं. जागा गेली म्हणून किताब जात नाही, एवढं लक्षात ठेवलं म्हणजे झालं.

समजा पुरुष वंश संपला, तर?

‘पहिल्या ड्यूकचे’ हे शब्द इथे लागतात. वेलिंग्टनच्या सनदा आर्थरपासून सुरू होतात, त्यामुळे आर्थरचा पुरुष वंश संपला की ड्यूक, मार्क्वेस, सगळं तिथेच संपेल. भावांच्या वंशजांना त्यात वाटा नाही. पण मॉर्निंग्टनची सनद वडिलांची, आणि वडिलांना आणखी मुलगे होते. सर्वात धाकट्या हेन्रीचा वंश अर्ल काउली म्हणून अजून चालू आहे. तेव्हा अर्ल ऑफ मॉर्निंग्टन हा संगीताच्या प्राध्यापकाचा किताब तिकडे जाईल आणि वॉटर्लूचा मात्र नुसता पुस्तकात राहील.

मुंबईत किंवा महाराष्ट्रात त्याची काही खूण उरली आहे का?

मुंबईत रीगल सिनेमासमोरच्या चौकात मधोमध जे दगडी कारंजं आहे ते वेलिंग्टन फाउंटन. आर्थर वेलस्ली १८०१ आणि १८०४मध्ये मुंबईत आला होता, त्याच्या आठवणीसाठी १८६५मध्ये बांधलेलं. चौकाला आता श्यामाप्रसाद मुखर्जींचं नाव आहे, टॅक्सीवाले रीगल म्हणतात. असईला जायचं तर भोकरदनकडून जा, पावसाळा संपताना, म्हणजे लढाईच्याच दिवसांत. केळणेला पाणी असलं की त्या दोन गावांवरून उतार कसा ओळखला ते काठावर उभं राहिल्यावर लगेच कळतं.